साथीला बसलेला कॅमेरा

वाचकाचं पत्र

ताई, मी कोल्हापूरचा, वय २७. लग्नं आणि लहानसहान जाहिराती शूट करत आलो. दीड वर्षापासून एका माहितीपटाचा कॅमेरा माझ्याकडे आहे. सांगली भागातल्या एका ७६ वर्षांच्या गायिकेवर तो आहे. आम्ही सगळे त्यांना बाई म्हणतो. मला शास्त्रीय गाणं कळत नाही, हे मी पहिल्याच दिवशी त्यांना सांगितलं होतं.

गेल्या महिन्यात एका संध्याकाळी आमचं काम आटोपत आलं होतं. बाईंनी शिष्येला तंबोरा पुन्हा लावायला सांगितला. ती पहिली तार बराच वेळ वर चढवत होती. मग बाई माझ्याकडे बघून म्हणाल्या, "आता ते बंद कर बाळा." मी बंद केला. त्यानंतर त्या चाळीस मिनिटं गायल्या. तो मारवा राग होता, हे मला शिष्येनं नंतर सांगितलं. काय होतं ते मला सांगता येत नाही, पण बाहेर अंधार झाला तरी उठून दिवा लावावा असं कुणाच्या मनात आलं नाही. दिग्दर्शकांना कळल्यावर ते फार चिडले. "कॅमेरा मांडीवर ठेवून चालूच राहू द्यायचा होतास. तुझ्याजागी दुसरा कुणीही असता तर त्यानं ठेवला असता."

मी चुकलो का? तेव्हापासून दोन आठवडे मी बाईंकडे गेलेलो नाही. तोंड दाखवायची लाज वाटते, पण कशाची ते कळत नाही. गाणं न कळणाऱ्या माणसानं गाणाऱ्यांचं चित्रीकरण करावं का? यावर पोट भरेल का? पुढच्या आठवड्यात बाईंचा तंबोरा मिरजेला दुरुस्तीला जाणार आहे, तिथे शूट आहे. ८५ ची लेन्स नेऊ की १३५ ची?

उत्तर

कॅमेरा बंद केलास ते बरोबर केलंस. बाकी सगळं मागाहून. हे आधी सांगते, कारण दोन आठवडे तू हाच प्रश्न उशाशी घेऊन झोपत असणार.

मी एकदा नेमकं याच्या उलट वागले होते. नव्वदच्या दशकातली गोष्ट. मुंबईतल्या एका चाळीत राहणाऱ्या वयस्क सारंगियांवर आम्ही दूरचित्रवाणीसाठी अर्ध्या तासाचा भाग करत होतो. एका दुपारी वाजवता वाजवता त्यांचा डावा हात कापायला लागला. सारंगीत तारा बोटांच्या टोकांनी दाबत नाहीत. नखांच्या मुळाशी, कातडीनं तारेला बाजूनं भिडायचं असतं. तिथे हात कापला की सूर लपवता येत नाही. ते थांबले आणि म्हणाले, "बेटी, अब रहने दो." मी कॅमेरा मांडीवर घेतला, पण बटण चालूच ठेवलं. त्यांनी गज खाली ठेवला आणि कितीतरी वेळ ते आपल्या हाताकडे बघत बसले. ते सगळं टेपवर आलं. निर्माता खूश झाला, भाग प्रसारित झाला, चाळीतल्या प्रत्येक घरात तो बघितला गेला. त्यानंतर मी तीनदा त्यांच्याकडे गेले. तीनही वेळा त्यांनी चहा पाजला, घरची चौकशी केली आणि सारंगी पेटीतच ठेवली. रागाचा एक शब्द बोलले नाहीत. माझ्यासमोर पुन्हा वाजवलं मात्र नाही. तो शॉट आजही कुठल्यातरी संग्रहात असेल. मला तो बघवत नाही.

म्हणून तुझे दिग्दर्शक "दुसरा कुणीही" म्हणतात, तेव्हा तो दुसरा मी होते आणि माझ्या हाती काय लागलं ते मी तुला सांगितलं. तुझ्या हाती चाळीस मिनिटं ऐकलेला मारवा लागला. तो चित्रपटात येणार नाही, याचं दुःख होईलच. ते होऊ दे.

आता तुझ्या चुकीकडे येते. चूक आहे, पण ती तू समजतोस ती नाही. पत्रात तू सहज लिहून गेलास की शिष्या पहिली तार वर चढवत होती. तंबोऱ्याची पहिली तार बहुतेक वेळा पंचमावर, म्हणजे 'प' या सुरावर असते, मग जोडीच्या दोन तारा षड्जावर आणि शेवटची खर्जाच्या षड्जावर. मारव्यात पंचम वर्ज्य आहे. तो तंबोऱ्यात वाजत राहिला तर गाणाऱ्याच्या अंगात काटे रुततील. म्हणून ती तार निषादावर चढवतात. म्हणजे बाईंनी तोंड उघडण्याआधी पाचएक मिनिटं तुझ्यासमोर उघडपणे सांगितलं जात होतं, की आता पंचम नसलेला, संध्याकाळचा, काहीतरी मोठा राग येतो आहे. तुला ते ऐकू आलं असतं तर तू त्या पाच मिनिटांत अदबीनं पुढे सरकून विचारू शकला असतास, "बाई, मी इथे कोपऱ्यात बसलो, दिवा लावला नाही, हललो नाही, तर चालेल का?" कदाचित त्या हो म्हणाल्या असत्या, कदाचित नाही. पण विचारायची वेळ ती होती. "बंद कर" म्हटल्यावर विचारायला काही उरत नाही.

गाणं न कळणाऱ्यानं हे काम करावं का, याचं माझं उत्तर यातच आहे. करावं, पण न कळणं कायम ठेवून नाही. तुला गायचं नाही, समीक्षा लिहायची नाही. साथ करायची आहे. साथीला बसलेला तबलजी काय करतो ते बघ. गाणारा विलंबितात, म्हणजे संथ लयीत, एकेक सूर मांडत असतो, तेव्हा चांगला तबलजी फक्त ठेका धरतो. भरीव, स्वच्छ, एकसारखा ठेका. तिथे तुकडे टाकायला लागला तर बुजुर्ग मान वळवून एकदाच बघतात, आणि ते बघणं त्याला जन्मभर पुरतं. मोकळी जागा मिळाली की तोच तबलजी असा उठाव घेतो, की सभागृह सरसावून बसतं. कॅमेऱ्याचंही तेच. तू त्या बैठकीतला एक साथीदार आहेस, फक्त तुझ्या हातातलं वाद्य आवाज करत नाही.

म्हणून पहिला गृहपाठ. विलंबित एकताल बोटांवर मोजायला शीक. बारा मात्रा. मोठ्या ख्यालात एकेक मात्रा चार-पाच सेकंदांचीही असते, म्हणजे एक आवर्तन पाऊण मिनिट ते मिनिटभर चालतं. लग्नाच्या चित्रीकरणानं तुझ्या हाताला तीन-चार सेकंदांची सवय लागली असणार. त्या सवयीनं तू बाईंचा सूर लागायच्या आत फ्रेम बदलशील आणि संकलकाला काहीच देता येणार नाही. मी स्वतःसाठी एक नियम केला होता: एक फ्रेम, निदान एक आवर्तन. मुखडा घेऊन गाणारा समेवर, म्हणजे आवर्तनाच्या पहिल्या मात्रेवर, येईपर्यंत हलायचं नाही. सुरुवातीला हात शिवशिवतात, वाटतं काहीच घडत नाहीये. पण आठव्या-नवव्या मात्रेला बघ, गाणाऱ्याची नजर तबल्याकडे वळते, छाती भरते, डावा हात गुडघ्यावरून किंचित उचलला जातो. सगळं घडतं ते तिथेच.

आणि तिहाई. एकच बोल तीनदा म्हणून समेवर आदळतात, हे तू ऐकलं असशीलच. कॅमेरा धरणाऱ्याला याहून मोठी मदत नाही. पहिल्या वेळी ओळखायची, दुसऱ्या वेळी हलायला लागायचं, तिसऱ्याच्या शेवटी, समेला, फ्रेम जागेवर ठरलेली पाहिजे. समेवर श्रोत्यांचे हात उठतात, तबलजी हसतो, गाणारा मागे रेलतो. यांतलं एकच मिळणार आहे. कुठलं, ते आधीच ठरव. दोघांच्या नजरा भिडणार असतील तर दोघं मावतील अशी फ्रेम घे. ही देवाणघेवाण तू एकाच बाजूला बसून टिपायची आहेस. मध्येच ओलांडून पलीकडे गेलास तर पडद्यावर दोघं एकमेकांकडे पाठ करून बसल्यासारखे दिसतील.

हे सगळं पुस्तकातून यायचं नाही. रोज सकाळी तासभर बाईंच्या शिकवणीला बस. कॅमेरा पिशवीत राहू दे. मांडीवर टाळी देत बस. चुकशील, शिष्या हसतील, हसू देत.

उजेडाबद्दल तू काही विचारलं नाहीस. मला मात्र त्याबद्दल बोलायचं आहे, कारण त्या संध्याकाळी तुझ्यासमोर फार मोठी गोष्ट घडत होती. आपल्या रागांना प्रहर आहेत. भैरव पहाटेचा, तोडी सकाळ वर आल्यावर, सारंग भर दुपारी, मुलतानी दिवस कलताना, मारवा आणि पूरिया सूर्यास्ताच्या वेळी, यमन दिवेलागणीनंतर. खिडकीतून येणारा उजेडही त्याच क्रमानं बदलतो. घरात गाणाऱ्या कलाकाराचं चित्रीकरण करताना मी जमेल तितकं खिडकीवर राहते. मारव्यात मावळतीचा उजेड दर पाच मिनिटांनी उतरत जातो. लेन्स पूर्ण उघडावी लागते, आयएसओ, म्हणजे कॅमेऱ्याची उजेडाची संवेदनशीलता, चढवावा लागतो, चित्रात थोडे दाणे येतात. येऊ देत. दिवा लावून तो उजेड सकाळचा करू नकोस. तुम्हाला कुणालाच दिवा लावावासा वाटला नाही असं तू लिहिलंस. तुझी नजर चांगली आहे हे मला त्या वाक्यावरून कळलं.

रंगमंचावर हे आता फारसं मिळत नाही. १९५३ साली भीमसेन जोशींनी पुण्यात आपल्या गुरूंच्या, सवाई गंधर्वांच्या, स्मरणार्थ महोत्सव सुरू केला, तो पूर्वी रात्र रात्र चाले. २००० सालच्या ध्वनिप्रदूषणाच्या नियमांनंतर रात्री १० नंतर ध्वनिक्षेपक बंद करावे लागतात. वर्षातले मोजके दिवस १२ वाजेपर्यंत सूट मिळते, तेवढीच. उत्तररात्रीचे राग त्यांच्या वेळेला ऐकायचे तर आता घरीच जावं लागतं. बाईंना एकदा विचारून बघ, रात्री दोन वाजता त्या काय गातात. दीड वर्षात हे कुणी विचारलं नसेल.

आता यंत्राचं. रोल संपतो, कार्ड भरतं, आणि ते नेमकं नको तेव्हा होतं. मी शिकले तेव्हा १६ मिलिमीटरचा ४०० फुटांचा रोल असे, २४ फ्रेमच्या वेगानं जेमतेम ११ मिनिटं. चाळीस मिनिटांच्या आलापात तीनदा रोल बदलायचा, तोही काळ्या पिशवीत हात घालून, आवाज न करता. पुढे टेप आली, ती अर्ध्या तासाची. तुझा कॅमेरा जरा जुना असेल तर २९ मिनिटं ५९ सेकंदांनी आपोआप थांबेल, म्हणजे विलंबित ऐन भरात असताना. आधी तपासून ठेव आणि दोन कॅमेरे असतील तर एकाच वेळी सुरू करू नकोस, पाच मिनिटांच्या फरकानं कर. आपल्याकडची वीज ५० हर्ट्झची, तेव्हा २५ फ्रेम आणि शटर एक पन्नासांश, नाहीतर ट्यूबलाइट आणि स्वस्तातले एलईडी लुकलुकतात. फोकसची टुकटुक बंद आहे ना, हे दहादा तपास. चित्र आणि आवाज जुळवायला वाजवतात ती पाटीची टाळी गाण्याआधी बाईंच्या तोंडासमोर वाजवू नका. सूर लावून बसलेल्या माणसासमोर ती टाळी म्हणजे थप्पड आहे. गाणं संपल्यावर उलटी पाटी धरून वाजवली तरी संकलकाचं काम होतं.

ट्रायपॉड बैठा घे. गाणारी जमिनीवर आणि तू उभा, म्हणजे सबंध चित्रपटभर तू तिच्याकडे वरून बघणार. लेन्स बसलेल्या माणसाच्या डोळ्यांच्या रेषेत हवी. आणि तानेच्या वेळी अगदी समोरून, तोंड भरून क्लोज घेऊ नकोस. उघडा जबडा पडद्यावर मोठा झाला की लोक गाणं ऐकायचं सोडून दात बघतात. किंचित बाजूनं घे, हात फ्रेममध्ये राहू दे. गाणाऱ्याचा निम्मा राग हातात दिसतो.

फक्त गाणाऱ्यावरच रोखून राहू नकोस. १९६७ च्या जूनमध्ये कॅलिफोर्नियात माँटेरेच्या महोत्सवात रविशंकर वाजवायला बसले होते. त्याचं चित्रण डी. ए. पेनेबेकर यांच्या माहितीपटाच्या शेवटी आहे. त्यात सतार ऐकू येत असते आणि कितीतरी वेळ आपल्याला दिसत असतात ते ऐकणारेच. मग सतारवादक दिसतात, तोवर आपणही त्या गर्दीत जाऊन बसलेले असतो. तुझ्याकडे तर घरचीच माणसं आहेत. तंबोरा धरून बसलेली शिष्या, जिला स्वतःला गायचं असतं आणि जी चार तास फक्त तारा छेडत असते. दारात उभी राहून ऐकणारी स्वयंपाकाची बाई. गठ्ठ्यावर हातोडी मारून तबला स्वरात आणणारा तबलजी. तंबोरा जुळताना बाईंच्या चेहऱ्यावर जे येतं ते गाण्यातही येत नाही, असं मला नेहमी वाटत आलंय. एक मात्र सांभाळ: तुझे मोठे दिवे लावून खोली तापवलीस की तबल्याची पुडी चढते आणि तंबोऱ्याच्या तारा उतरतात, आणि शिष्येला सारखं मध्येच थांबून सूर लावावा लागतो. तो वैताग तुझ्या नावावर जमा होतो.

आता लाल दिव्याबद्दल. कॅमेरा चालू असला की समोर एक बारका लाल दिवा लागतो. मैफलीत मी त्यावर काळी पट्टी लावते, श्रोत्यांच्या डोळ्यांत जातो म्हणून. कलाकाराच्या घरी कधीच लावत नाही. चाळीतल्या त्या प्रसंगानंतर ही सवय लागली. दिवा दिसला की त्यांना कळतं, आता चालू आहे. विझला की कळतं, आता आपण दोघंच आहोत. काही महिन्यांनी बाई त्या दिव्याकडे बघायच्या थांबतात, पण तेव्हा त्यांनी विश्वास ठेवलेला असतो. त्या फसलेल्या नसतात. दिग्दर्शकांना हे समजावून सांग. भांडू नकोस. त्यांचंही दीड वर्ष यात गेलंय आणि पैसे कुठून आणायचे हे त्यांना रोज बघावं लागत असणार. पण एक गोष्ट ठामपणे सांग. १९५७ च्या कॉपीराइट कायद्याच्या ३८ व्या कलमानं कलाकाराचा आपल्या सादरीकरणावर ५० वर्षं हक्क असतो. माहितीपटासाठी गाणं चित्रित करायचं तर संमती लागतेच. २०१२ च्या दुरुस्तीनं, आपल्या सादरीकरणाची कुणी मोडतोड केली आणि त्यानं आपल्या नावाला बाधा आली, तर आक्षेप घ्यायचा हक्कही कलाकाराला आहे. "बंद कर" म्हटल्यावर चोरून घेतलेला मारवा तुमच्या चित्रपटात वापरताच आला नसता. तुमच्याकडे बाईंची लेखी संमती आहे का, कोणत्या गाण्यासाठी, कुठे दाखवायला, हे बघ. नसेल तर आधी ते करा, मराठीत, बाईंना वाचता येईल असं. बंदिशींचंही विचारून घ्या. जुन्या पारंपरिक चिजांना अडचण नाही, पण रचणारा हयात असेल किंवा जाऊन ६० वर्षं झाली नसतील, तर त्याच्या घरच्यांनाही विचारावं लागतं. आणि माझं स्पष्ट मत आहे की बाईंना गाण्याचे पैसे मिळाले पाहिजेत. दिवे भाड्यानं आणायला पैसे असतात, मग गाणाऱ्या बाईंना द्यायला का नसावेत?

बाईंनी कॅमेरा का बंद करायला लावला, हे मला माहीत नाही आणि तूही अंदाज करत बसू नकोस. पण आपल्याकडे ही गोष्ट नवी नाही. भारतात तबकड्यांचं ध्वनिमुद्रण १९०२ साली सुरू झालं. गायक भास्करबुवा बखले १९२२ साली गेले, अल्लादियाखाँ १९४६ साली गेले, आणि दोघांच्याही गाण्याची एकही तबकडी नाही. अल्लादियाखाँसाहेब तुझ्याच कोल्हापुरात कित्येक वर्षं राहिले. त्यांचं गाणं कसं होतं, हे आपल्याला शिष्यांच्या गळ्यातूनच समजून घ्यावं लागतं. त्याच काळात अब्दुल करीमखाँ तबकडीच्या तीन-साडेतीन मिनिटांत राग असा बसवत, की आजही ऐकताना काही राहून गेलं असं वाटत नाही. सूरबहारवादक अन्नपूर्णादेवी मुंबईत वर्षानुवर्षं दार लावून राहिल्या, शिकवत राहिल्या, बाहेर वाजवलं नाही. यातला कोण बरोबर, असा प्रश्नच नाही. आपलं गाणं कुणी, कधी, किती ठेवायचं, हे ज्याचं त्यानं ठरवलं. बाईंनी त्या संध्याकाळपुरतं ठरवलं.

आता त्या लाजेबद्दल. तू गेला नाहीस, हीच मला तुझी सगळ्यांत मोठी चूक वाटते. त्यांच्या बाजूनं बघ. एका मुलानं आपलं ऐकून यंत्र बंद केलं, चाळीस मिनिटं बसून ऐकलं आणि त्यानंतर तो आलाच नाही. ७६ वर्षांच्या बाईला काय वाटलं असेल? त्या मनात म्हणत असतील, याला गाणं नको होतं, शॉट हवा होता. उद्या सकाळी जा. कॅमेरा घरी ठेव. त्यांना सांग की त्या संध्याकाळपासून दुसरं काही सुचत नाहीये. "पुन्हा गाल का?" हे विचारू नकोस. त्यांनी आपणहून काही म्हटलं तर ठीक. त्यानंतर एक खूण ठरवून घे. मी ज्यांच्यासोबत काम केलं त्या प्रत्येकाशी ठरवली होती. तळहात जमिनीकडे केला की बंद, कारण विचारायचं नाही. हे आधी ठरलेलं असलं की माणसं तो हात फार क्वचित खाली करतात. आणि आजवर जे चित्रित केलंय ते एका हार्डडिस्कवर त्यांच्यासाठी उतरवून दे. सगळं, न निवडता. चित्रपट दीड तासाचा होईल, पण तुमच्याकडे शंभर तास असतील. ते उद्या शिष्येला शिकायला उपयोगी पडतील. बाईंची इच्छा असली तर गुरुग्राममध्ये लोकसंगीत आणि शास्त्रीय संगीताच्या ध्वनिमुद्रणांचं अभ्यासकांसाठीचं संग्रहालय आहे, १९८२ साली सुरू झालेलं, अमेरिकन इन्स्टिट्यूट ऑफ इंडियन स्टडीजचं. अशा ठिकाणी ते नीट राहतं. पण बाईंना विचारूनच.

पोट भरेल का? फक्त यावर नाही. मीही लग्नं केली आहेत, कारखान्यांच्या फिल्म केल्या आहेत, आणि त्यातूनच माझी चांगली लेन्स आली. आता संस्थांच्या मैफलींचं थेट प्रक्षेपण असतं, ते मागून घे. पैसे बेताचे मिळतात, पण महिन्यात दहा वेळा ताल मोजायला मिळतो.

आणि मिरज. तू बारा बाय दहाच्या खोलीत काम करणार असशील तर १३५ घेऊन तुझी पाठ भिंतीला टेकेल. ८५ ची ने, आणि सोबत ३५ असू दे. तिथे तंबोऱ्याच्या भोपळ्यांनी भरलेली खोली असेलच. ते पंढरपूर-मंगळवेढ्याकडच्या शेतांतून येतात आणि महिनोन्‌महिने वाळवलेले असतात. वाद्यं घडवायचा उद्योग मिरजेत शिकलगार घराण्यांनी उभा केला. हत्यारांना धार लावणारे हात सतारी घडवायला लागले. २०२४ मध्ये मिरजेच्या सतारीला आणि तंबोऱ्याला भौगोलिक मानांकन मिळालं, ते सगळे सांगतीलच, ऐकून घे. तुला हवं ते थोडं पुढे आहे. दुरुस्ती संपत आली की कारागीर जवारी, म्हणजे तारेचा गुंजारव, काढतो. तारा जिच्यावर टेकतात ती घोडी कानशीनं केसभर घासतो, तारेखाली सुताचा धागा सरकवतो, एकदा छेडतो, पुन्हा घासतो. दर वेळी मान वाकवून कान घोडीजवळ नेतो. एकदा धागा एका ठिकाणी बसतो आणि तार अचानक खुलते, भुंगा खोलीभर फिरायला लागतो. ८५ त्याच्या कानावर लावून ठेव आणि हलू नकोस. पंखा बंद करावा लागेल, नाहीतर जवारी ऐकूच येणार नाही. पण त्याला आधी विचार, मिरजेत फार उकडतं.